सव्वाशे भाकरी आणि बारा टक्के

माझ्या अपघाताच्या भरपाईच्या क्लेमचा निकाल लागला फेब्रुवारी २०२० मध्ये आणि घरात लगेच दोन तट पडले. सासूबाई म्हणाल्या, "मिळालंय ते पदरात घे आणि गप बस. कोर्टाची हौस फिटली न्हाई व्हय अजून?" यांचं मत अपील करावं असं होतं, पण ते एकदा बोलून दाखवून हे कामावर निघून गेले. राहिले मी आणि निकालाची कागदं.

रक्कम होती २,६९,९६० रुपये, वर क्लेम दाखल केल्याच्या तारखेपासून सात टक्के व्याज. मागितले होते सात लाख. मी रकमेकडे बघायचं सोडून आधी ती कशी काढली ते बघितलं. औषधोपचार ८६,०००. वेदना आणि त्रास ३०,०००. तीन महिन्यांची बुडालेली कमाई १८,०००. खुराक, गाडीभाडं आणि सोबतीचं माणूस मिळून १५,०००. आणि पुढच्या आयुष्यातल्या कमाईचं नुकसान १,२०,९६०. हा शेवटचा आकडा असा आला होता: महिन्याची कमाई सहा हजार, वर्षाचे बहात्तर हजार, अपंगत्वाचे म्हणून त्याचे बारा टक्के ८,६४०, गुणिले १४.

चौदाबद्दल माझी तक्रार नव्हती. अपघाताच्या वेळी माझं वय ४१. सरला वर्मा खटल्यात सुप्रीम कोर्टानं २००९ साली वयाप्रमाणे गुणकाचा, म्हणजे वर्षाचं नुकसान किती पटीनं धरायचं त्याचा, तक्ता घालून दिलाय, त्यात ४१ ते ४५ वयाला १४ आहे. सहा हजार आणि बारा टक्के हे दोन आकडे मात्र घशाखाली उतरेनात.

कोल्हापुरात राजारामपुरीत आमची मेस आहे. विद्यापीठातली पोरं, दोन-चार बँकेतले, एखाददुसरा एकटा राहणारा मास्तर. बुधवार-रविवार तांबडा-पांढरा, बाकीचे दिवस भाजी, आमटी, भात आणि ज्वारीची भाकरी. दोन्ही वेळच्या मिळून सव्वाशेच्या आसपास भाकरी लागायच्या आणि त्या सगळ्या मी थापायची. जानेवारी २०१६ मध्ये मार्केट यार्डात ज्वारीचा भाव काढून भावाच्या मोटरसायकलवरून परत येताना मागून टेम्पोनं उडवलं. भाऊ खरचटण्यावर वाचला, मी उजव्या हातावर आपटले. मनगटाचा चुरा, मग प्लेट आणि स्क्रू. पोलिसांचे कागद, पंचनामा, टेम्पोचा चालू विमा, सगळं जागेवर होतं. चूक कुणाची यावर फारसा वादही झाला नाही. जो काही वाद झाला तो हाताच्या किमतीवर.

भाकरी थापताना उंडा परातीत ठेवून तळहात सपाट टेकवावा लागतो, मनगट मागे मोडावं लागतं आणि तळव्याच्या कडेनं दाब देत भाकरी फिरवत न्यावी लागते. माझं मनगट आता मागे वळतच नाही. तांब्या उचलता येतो, सही करता येते, फोन धरता येतो. बघणाऱ्याला हात धडधाकट. सगळी गोम इथेच होती.

सीपीआरच्या, म्हणजे इथल्या सरकारी दवाखान्याच्या, दाखल्यात उजव्या हाताचं २४ टक्के कायमचं अपंगत्व लिहिलं होतं. डॉक्टर साक्षीला आले. विमा कंपनीच्या वकिलांनी त्यांना एवढंच विचारलं, की हे २४ टक्के एका हाताचे आहेत, सगळ्या शरीराचे नाहीत, बरोबर? डॉक्टर म्हणाले, बरोबर. झालं. निकालात २४ चे १२ झाले.

माझा उलटतपास कसबा बावड्याच्या कोर्टात झाला. तो इथे जरा सविस्तर सांगते, कारण पुढचं सगळं त्याच्यावर फिरलं. कंपनीचे वकील वयस्कर, बोलायला गोड. "बाई, घरात आजही स्वयंपाक कोण करतं?" मी म्हटलं, मीच. "मेस बंद केली का?" नाही. "भाकरीचं मशीन मिळतं, माहीत आहे?" ऐकून आहे. "डाव्या हातानं थापून बघितली का?" बघितली, म्हटलं. जाड होते, फुगत नाही, पोरं ताटात तशीच ठेवतात. म्हणून भाकरीला बाई ठेवलीय, तिला महिन्याला तीन हजार देते. मी हे बोलले तेव्हा वकीलसाहेबांनी हात वर केला, विचारलं नव्हतं म्हणाले. न्यायाधीशांनी तरीही ते लिहून घ्यायला लावलं.

कोर्टातली साक्ष आपण बोललो तशी लिहिली जात नाही, तिचा एक साचा असतो. कागदावर आलं ते असं: "हे म्हणणे खरे आहे की, मी आजही स्वयंपाक करते. हे म्हणणे खरे आहे की, मेस आजही चालू आहे. साक्षीदार स्वतःहून सांगते की, भाकरीसाठी बाई ठेवली असून तिला दरमहा रु. ३,०००/- देते." निकालपत्रात यातली पहिली दोन वाक्यं जशीच्या तशी उतरली होती. अर्जदार आजही मेस चालवते, सबब कमाईवर विशेष परिणाम झाल्याचे दिसत नाही. तिसरं वाक्य कुठेच नव्हतं. मी निकाल दोनदा चाळला तो ते शोधायला.

कमाईचं तसंच. आमच्याकडे रीतसर हिशेब नव्हते, हे खरंच. किराणा दुकानदाराची उधारीची वही दिली होती, व्यापारी सिलिंडरच्या पावत्या दिल्या होत्या, मेसला जेवणारे एक बँकेतले गृहस्थ साक्षीला येऊन किती पोरं जेवतात, महिन्याचे किती घेतात हे सांगून गेले होते. निकालात लिहिलं, उत्पन्नाचा लेखी पुरावा नाही, गृहिणी म्हणून सहा हजार धरणे योग्य राहील. आमच्या गल्लीतला हमालही तेव्हा याहून जास्त कमवत होता.

आमच्या क्लेमच्या वकिलांनी अपिलासाठी एका वकीलबाईंकडे पाठवलं. मूळच्या इथल्याच, हायकोर्टात काम करणाऱ्या. त्यांनी निकाल वाचला आणि पहिला प्रश्न केला, डॉक्टरांच्या साक्षीची नक्कल आहे का? माझ्या जबाबाची? निकालाची प्रमाणित प्रत प्रत्येक जण काढतो, पण साक्षींच्या नकला कुणी काढत नाही, आणि अपिलात निम्मं काम त्यांच्यावर चालतं असं त्या म्हणाल्या. अपिलात नव्यानं साक्षीपुरावा होत नाही. खालच्या कोर्टात जे कागदावर आलं तेच वरचं कोर्ट नव्या डोळ्यांनी वाचतं. नवीन कागद द्यायचा तर वेगळा अर्ज करावा लागतो आणि तो आधीच का दिला नाही, हे पटवावं लागतं.

सासूबाईंच्या शंका मी वकीलबाईंसमोर ठेवल्या, कारण त्या माझ्याही होत्या. पहिली: कंपनीनं भरलेले पैसे उचलले तर अपिलाचा हक्क जातो का? जात नाही. मिळालेली रक्कम घ्यायची आणि कमी पडलेल्या रकमेसाठी भांडायचं, यात काही आडकाठी नाही. दुसरी: अपिलात गेलो आणि आहे तेच कमी केलं तर? वकीलबाई म्हणाल्या, कंपनीनं स्वतःचं अपील केलं किंवा आपल्या अपिलाची नोटीस मिळाल्यावर महिन्याच्या आत उलट हरकत घेतली, तर ती भीती. नुसत्या आपल्या अपिलावर रक्कम सहसा खाली येत नाही. तिसरी: आधी पैसे भरावे लागतात म्हणे? ते ज्याला भरपाई द्यायची आहे त्याला. कंपनीनं किंवा गाडीमालकानं अपील केलं तर २५,००० किंवा रकमेच्या निम्मे, यातलं जे कमी असेल ते आधी जमा करावं लागतं. जखमी माणसाला कोर्ट फी आणि वकिलाचा खर्च, बस्स.

मुदत ९० दिवसांची. मोटार वाहन कायद्याचं कलम १७३. नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यातून वजा होतात, म्हणून नक्कलेचा अर्ज निकालानंतर लगेच टाकलेला बरा. उशीर झाला तर कारण सांगून माफी मागता येते. पण उशीर माफ करताना तेवढ्या काळाचं व्याज कोर्ट कापू शकतं, हे ध्यानात असू द्यावं. अलीकडच्या अपघातांसाठी नियम आणखी कडक झालेत. १ एप्रिल २०२२ पासून क्लेमच मुळात सहा महिन्यांच्या आत करायचा, आणि वादातली रक्कम एक लाखाच्या आत असेल तर अपील नाही. आमच्या वेळी ती मर्यादा दहा हजार होती.

नकला हातात आल्या आणि लॉकडाऊन लागला. पोरं गावाला गेली, मेस बंद. कंपनीनं रक्कम भरली होती, त्यातली निम्मी एफडीत गेली आणि निम्म्यावर आम्ही ते वर्ष काढलं. सासूबाई तेव्हा काही बोलल्या नाहीत, पण त्यांचं "पदरात घे" मला रोज आठवायचं. मुदतीची धास्ती होतीच. सुप्रीम कोर्टानं १५ मार्च २०२० पासूनचा कोविडचा काळ मुदतीतून वगळला, तेव्हा जीव भांड्यात पडला. २०२१ च्या शेवटी अपील मुंबईला दाखल झालं, उशीर माफीच्या अर्जाशिवाय.

त्यानंतरच्या चार वर्षांबद्दल सांगण्यासारखं थोडंच आहे. आधी कार्यालयाच्या हरकती, म्हणजे अमुक पान पुसट आहे, तमुक टाईप करून द्या. मग नोटिसा. कंपनीला लगेच लागली. टेम्पोमालक घर बदलून गेलेला, त्याची नोटीस परत यायची. पैसे कंपनीच देणार आहे, मालकाविना चालवा, असा अर्ज शेवटी दिला आणि तो मंजूर झाला. मग खालच्या कोर्टातलं मूळ रेकॉर्ड मागवणं. मग बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवशीच्या यादीत, यायची वाट. एकदा मी महालक्ष्मी एक्सप्रेसनं गेले. रात्रभर बसून सकाळी सीएसएमटी, तिथून चालत हायकोर्ट, आणि आमचा नंबर यायच्या आत कोर्ट उठलं. वकीलबाई म्हणाल्या, तुम्ही यायची गरज नसते हो, अपिलात पक्षकाराला कुणी काही विचारत नाही. खरं होतं. पण आपली केस आपल्यामागे चालावी हे मनाला पटत नाही.

मधल्या काळात एक गोष्ट आमच्या बाजूनं घडली. प्रणय सेठी खटल्यात २०१७ साली सुप्रीम कोर्टानं सांगितलं होतं, की स्वतःचा धंदा करणाऱ्याच्या उत्पन्नातही पुढे होणारी वाढ धरायची. चाळिशीच्या आत ४० टक्के, ४० ते ५० मध्ये २५, ५० ते ६० मध्ये १०. आमच्या निकालात ती धरलीच नव्हती, ते मृत्यूच्या क्लेमसाठी आहे, जखमीसाठी नाही असं म्हणून. सप्टेंबर २०२० मध्ये पप्पू देव यादव खटल्यात सुप्रीम कोर्टानं स्पष्ट केलं, जखमीलाही धरायची. आमचा निकाल सात महिने आधीचा होता. अपील केलं नसतं तर तो तसाच राहिला असता.

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं. सीपीआरसमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत. यासाठी इथल्या वकिलांनी किती वर्षं आंदोलनं केली ते कोल्हापूरकरांना सांगायला नको. सहा जिल्ह्यांच्या केसेस मुंबईहून इकडे आल्या, त्यात आमचीही. मला त्याचा अर्थ एवढाच, की सकाळचा स्वयंपाक उरकून केएमटीच्या बसनं कोर्टात जाता येऊ लागलं.

बोर्डावर यायच्या आधी कंपनीकडून तडजोडीचा निरोप आला. लोकअदालतीत ठेवूया, एकरकमी दीड लाख वाढवून देतो, व्याजबिज त्यातच. घरात पुन्हा दोन तट. लोकअदालतीला मी नावं ठेवणार नाही. तिथे मिटलं की वर अपील नाही, पैसे लवकर हातात येतात, आणि ज्याच्या केसमध्ये पुरावा पातळ आहे त्यानं जरूर घ्यावं. पण आमचा गुणाकार मी वहीत मांडून बघितला होता. नऊ हजार धरले, पंचवीस टक्के वाढ धरली आणि टक्के बाराच ठेवले, तरी नुसत्या त्या एका आकड्यात लाखाची वाढ होत होती, वर दहा वर्षांचं व्याज वेगळं. नको म्हणून कळवलं.

सुनावणी चालली अर्धा तास, तीही मध्ये दुसरी दोन मॅटर घेऊन. वकीलबाईंनी राजकुमार विरुद्ध अजयकुमार हा २०१० च्या ऑक्टोबरातला सुप्रीम कोर्टाचा निकाल मांडला. डॉक्टरांनी दिलेला टक्का आणि कमाईचं नुकसान ही दोन वेगळी मापं आहेत, असं तो निकाल सांगतो. हा माणूस आधी कोणतं काम करायचा, त्यातलं आता काय करता येत नाही, ते बघून कमाईचा टक्का ठरवायचा. तीच बोटं गेली तर मुनिमाला थोडं नुकसान, तबलजीला सगळंच. मग त्यांनी डॉक्टरांची साक्ष काढली. वजन उचलणे व मनगटावर दाब देऊन करावयाची कामे पेशंटला करता येणार नाहीत, हे वाक्य सरतपासात, म्हणजे आमच्या बाजूनं विचारलेल्या प्रश्नांच्या उत्तरात, होतं, कारण आमच्या क्लेमच्या वकिलांनी डॉक्टरांना तेव्हा तो प्रश्न विचारला होता. आणि मग माझा जबाब.

न्यायमूर्तींनी पान उघडलं. पहिली दोन वाक्यं त्यांनी मोठ्यानं वाचली, तेव्हा मी मागच्या बाकावर पदर आवळून बसले होते. मग तिसरं वाचलं. कंपनीच्या वकिलांना विचारलं, ही बाई ठेवल्याची गोष्ट तुम्ही नाकारलीत का? पुढे एखादा प्रश्न विचारलात? वकील कागद चाळत राहिले. विचारला नव्हता. ते म्हणाले, दाखला २४ टक्क्यांचा आहे, त्याच्यावर कसं जाता येईल? न्यायमूर्ती म्हणाले, भाकरी हाच त्यांचा धंदा आहे ना.

आम्ही पन्नास टक्के मागितले होते, तीस धरले. कमाई नऊ हजार धरली. किराणा वही आणि सिलिंडरच्या पावत्या विचारात घेतल्या, आणि मेस नसती तरी घरच्या कामालाही मोल आहे असं निकालात लिहिलं. ते वाचून सासूबाई पहिल्यांदा म्हणाल्या, "ह्ये बरं लिव्हलंय." नऊ हजारांवर पंचवीस टक्के, म्हणजे ११,२५०. वर्षाचे १,३५,०००, त्याचे तीस टक्के ४०,५००, गुणिले १४, म्हणजे ५,६७,०००. बुडालेली कमाई तीनऐवजी सहा महिन्यांची, ५४,०००. वेदनेचे ६०,०००. रोजच्या जगण्यातली सुखं गेल्याचे ५०,०००, हा कप्पा आधीच्या निकालात रिकामाच होता. खुराक वगैरे ३५,०००. औषधोपचार ८६,००० तेवढेच. एकूण ८,५२,०००.

आम्ही मागितले होते सात लाख, हे वर सांगितलंच. मागणीपेक्षा जास्त देता येतं का, असं मला पुष्कळांनी विचारलं. येतं. नागप्पा खटल्यात २००२ च्या डिसेंबरातच सुप्रीम कोर्टानं ते सांगून ठेवलंय, रास्त भरपाई ठरवणं कोर्टाचं काम आहे. फक्त वरच्या १,५२,००० वरची कोर्ट फी आम्हाला भरावी लागली.

वाढीव रक्कम ५,८२,०४०, व्याज २०१६ पासून. म्हणजे व्याजच जवळजवळ चार लाख होतं. कंपनीला आठ आठवडे दिले होते, तिनं मुदतीच्या काठावर कसबा बावड्याला पैसे जमा केले. तिथे पुन्हा पैसे काढायचा अर्ज, आधार, पॅन, पासबुकाची झेरॉक्स. पॅन आधीच दिलं ते बरं झालं, नाहीतर तेव्हा व्याजावरचा टीडीएस, म्हणजे आधीच कापून घेतलेला कर, जास्त कापला जायचा आणि तो परत मिळवायला इन्कमटॅक्सचा फॉर्म भरत बसावं लागायचं. निम्मी रक्कम पुन्हा एफडीत बांधली. एजंट लोक हॉस्पिटलच्या दारातच "टक्केवारीवर करून देतो" म्हणून वकीलपत्रावर सही घ्यायला बघतात. म्हणूनच पैसे थेट आपल्या खात्यावर येतात तेच बरं.

एक गोष्ट राहिली. प्लेट अजून हातात आहे, थंडीत ठणकते, डॉक्टर म्हणतात काढावी लागेल. त्या शस्त्रक्रियेचा खर्च हायकोर्टानं दिला नाही. न्यायमूर्ती म्हणाले, पुढे ऑपरेशन लागेल हे डॉक्टरांच्या साक्षीत कुठे आहे? कुठेच नव्हतं. तेवढा प्रश्न त्यांना कुणी विचारला नव्हता. वकीलबाई म्हणाल्या, यासाठी सुप्रीम कोर्टात जाता येतं, बघा. मी हात जोडले. भाकरीवाल्या बाईचा पगार आता सहा हजार झालाय, तो द्यायचा होता, या वेळी हातात आलेल्या रकमेतून आधी तोच दिला.